जोहतो संपलं, आता बोटीत बसा: हार्टगोल्डमधली कँटोची सफर

पोकेमॉन हार्टगोल्डमध्ये चॅम्पियन लान्सचा शेवटचा ड्रॅगोनाइट पडला, नावं सरकून गेली आणि डोळे उघडले तर मी न्यू बार्कमध्ये आपल्या घरी. पहिल्या वेळी मी इथेच डीएस (हातात धरून खेळायचं निन्टेंडोचं यंत्र) मिटून कपाटात टाकला होता. गोष्ट संपली, आता काय उरलंय, असं वाटलं होतं. जोहतो प्रदेश झाला, पण नकाशाचा अर्धा भाग, म्हणजे कँटो प्रदेश, उरला होता, हे फार उशिरा कळलं. यावेळी मुद्दाम नव्याने खेळले ते पलीकडे जाण्यासाठीच. जाऊन आले, एकदा सपाटून मार खाल्ला, बऱ्याच गोष्टी उलट्या क्रमाने केल्या. तुम्ही त्या सुलट क्रमाने कराव्यात म्हणून हा वृत्तांत.

आधी थोडी पार्श्वभूमी. हार्टगोल्ड आणि सोलसिल्व्हर हे खेळ जपानमध्ये २००९ मध्ये आले. १९९९ च्या गोल्ड आणि सिल्व्हरचं ते नवं रूप. कथा घडते ती अगदी पहिल्या खेळानंतर तीन वर्षांनी. त्यामुळे चॅम्पियन झाल्यावर आपण ज्या कँटोत जातो, ते आधी कुणीतरी पालथं घातलेलं कँटो आहे. ते 'कुणीतरी' कोण, हे शेवटी येईलच.

घरातून बाहेर पडलात की प्रोफेसर एल्म तिकीट देतात. ते घेऊन ऑलिव्हिनच्या धक्क्यावर जायचं. एस. एस. ॲक्वाची पहिली फेरी कोणत्याही दिवशी मिळते. त्यानंतर मात्र वेळापत्रक पाळावं लागतं: ऑलिव्हिनहून सोमवारी आणि शुक्रवारी, परतीची व्हर्मिलियनहून बुधवारी आणि रविवारी. हे वार डीएसच्या घड्याळाचे, म्हणजे आपलेच. मी एकदा मंगळवारी धक्क्यावर जाऊन उभी राहिले आणि नावाड्याने मला परत पाठवलं. बोटीवर एक आजोबा नात हरवली म्हणून कासावीस झालेले असतात. सगळ्या खोल्या धुंडाळायची गरज नाही, पोर कप्तानाच्या खोलीत खेळत असते. पण वाटेतले ट्रेनर सोडू नका, पुढे लेव्हल लागणारच आहेत. आजोबा खूश होऊन मेटल कोट देतात. अदलाबदलीला कुणी मित्र असेल तर त्यातून ऑनिक्सचा स्टीलिक्स किंवा सायदरचा सिझर होतो.

व्हर्मिलियनला उतरल्यावर समोरच स्विकून हा दुर्मीळ पोकेमॉन दिसतो आणि दिसल्या दिसल्या पाण्यावरून पसार होतो. त्याच्यामागे धावू नका, त्याची भेट ठरलेल्या जागी होते. शहरात लेफ्टनंट सर्जची जिम आहे (जिमच्या प्रमुखाला हरवलं की बॅज मिळतो), आणि इथे या प्रदेशाची एक गंमत कळते. सर्जचे सगळे पोकेमॉन विजेचे, त्यांच्यावर उतारा म्हणजे जमिनीचे. जमिनीचे पोकेमॉन मिळतात ती डिगलेटची गुहा शहराच्या पूर्वेला दोन पावलांवर, आणि तिच्या दारातच स्नॉरलॅक्स घोरत पडलेला. तो रेडिओवरच्या पोकेफ्लूटच्या सुरानेच उठतो, आणि तो सूर ऐकायला लॅव्हेंडरच्या रेडिओ टॉवरमधून पोकेगिअरवर (खेळातला फोन आणि रेडिओ) नवं कार्ड घ्यावं लागतं. ते कार्ड वीज सुरळीत झाल्याशिवाय मिळत नाही. म्हणून जमिनीचा एखादा गडी जोहतोतूनच आणा. मी पिलोस्वाइन आणला होता. सर्जसमोर त्याने कमाल केली आणि मला खोटा आत्मविश्वास दिला. त्याची किंमत पुढे मोजली.

माझा सगळ्यात मोठा सल्ला हाच: एक-दोन बॅज झाले की थेट पॉवर प्लांट गाठा. मी आधी सॅफ्रन, सेलाडॉन, फ्युशिया असं फिरत बसले. फिरणं वाईट नव्हतं, पण या प्रदेशातली निम्मी दारं एकाच कुलपाने बंद आहेत. पॉवर प्लांटमधला एक भाग टीम रॉकेट या गुंडांच्या टोळीतल्या उरल्यासुरल्या माणसाने पळवलाय. त्यापायी गोल्डनरॉड आणि सॅफ्रनमधली मॅग्नेट ट्रेन बंद, लॅव्हेंडरचा रेडिओ मुका आणि सरुलियनच्या जिममध्ये प्रमुख मिस्टीचा पत्ता नाही. सर्फ (पाण्यावरून नेणारी चाल) घेऊन रूट १० च्या नदीवरून प्लांटला जा, तिथल्या मॅनेजरचं गाऱ्हाणं ऐका, मग सरुलियनची जिम. तिथून पळालेला भामटा रूट २४ च्या पुलाजवळ सापडतो. चोरलेला भाग त्याने जिमच्याच पाण्यात दडवलेला असतो. काखेत कळसा म्हणतात तो हा. तो भाग नेऊन दिलात की एकेक कुलूप उघडायला लागतं.

ट्रेनचा पास सॅफ्रनमधल्या नकलाकार मुलीकडून मिळतो, पण त्याआधी तिची हरवलेली क्लेफेरी बाहुली शोधून द्यावी लागते. ती व्हर्मिलियनच्या फॅन क्लबात आहे. हे दहा मिनिटांचं काम टाळू नका. पास आला की बोटीच्या वारांची कटकट संपते.

मिस्टी रूट २५ च्या टोकाला एका तरुणाबरोबर समुद्र बघत उभी असते. आपण जाऊन त्या दोघांच्या मध्ये कडमडायचं आणि तिचा राग ओढवून घ्यायचा, असा प्रसंग आहे. मला खरंच ओशाळल्यासारखं झालं. याच वाटेवर स्विकूनही भेटतो, पण आधी त्याने व्हर्मिलियन आणि रूट १४ वर दर्शन दिलेलं असलं पाहिजे. मी फ्युशियाला जाताना रूट १४ घाईघाईत ओलांडला आणि नंतर परत जावं लागलं. त्याची लेव्हल ४० आहे. तुमची टीम पंचावन्नच्या आसपास असेल तर एका फटक्यात तो आडवा होईल, म्हणून एखादा कमी लेव्हलचा, झोप पाडणारा पोकेमॉन सोबत ठेवा. रात्री जा आणि डस्क बॉल (पोकेमॉन पकडायचा एक बॉल) टाका. अंधारात आणि गुहेत तो साध्या बॉलच्या साडेतीन पट चालतो.

कँटोच्या जिम्सबद्दल खरं सांगायचं तर लढती फारशा कठीण नाहीत. एरिका आणि सॅब्रिना मी न थांबता उरकल्या. फ्युशियात कोगा नाही, तो एलिट फोरमध्ये (चॅम्पियनच्या आधी हरवायचे चौघे) गेलाय, त्याची मुलगी जनीन बसते. जिममधले सगळे तिचंच सोंग घेऊन उभे असतात, त्यामुळे खरी कोण हे भिडल्याशिवाय कळत नाही. स्नॉरलॅक्स उठवण्याआधी सेव्ह करा, तो लेव्हल ५० चा आहे. तो हलला की डिगलेटच्या गुहेतून थेट पलीकडे रूट २, पुढे प्यूटर आणि तिथला जिम लीडर ब्रॉक.

प्यूटरला मात्र सावकाश थांबा. तिथे एक म्हातारबाबा रुपेरी पंख देतात, हार्टगोल्डमध्ये लुगिया या दुर्मीळ पोकेमॉनची वाट त्यानेच उघडते (सोलसिल्व्हरमध्ये याच जागी हो-ओचा पंख मिळतो). जवळच स्टीव्हन नावाच्या तरुणाशी बोललात की लाटियास ही पोकेमॉन कँटोभर उडत सुटते, सोलसिल्व्हरमध्ये लाटिओस. ती समोर आली की पहिल्याच संधीला पळते, म्हणून एल्मकडून मिळालेला, कधीच न चुकणारा मास्टर बॉल मी तिच्यासाठी राखला. मोठे, जागेवर बसलेले पोकेमॉन धीराने पकडता येतात, पळणाऱ्यांचा पाठलाग करताना माझा तरी जीव जातो. इथल्या संग्रहालयात जीवाश्म जिवंत करून मिळतात, ते थैलीत पडून असतील तर आत्ताच द्या.

लढती सोप्या असतील, पण जागा मनात राहतात. पहिला खेळ खेळलेल्यांनी लॅव्हेंडरला जरूर जावं. ज्या मनोऱ्यात पोकेमॉनच्या समाध्या होत्या तिथे आता रेडिओचं केंद्र आहे, आणि समाध्यांसाठी शेजारी एक छोटं घर. फ्युशियाच्या सफारीच्या जागी पाल पार्क आलाय. सिनाबार बेटावर तर ज्वालामुखी फुटून शहरच गेलंय. पोकेमॉन सेंटर तेवढं उरलंय, आणि किनाऱ्यावर पहिल्या खेळातला प्रतिस्पर्धी ब्लू एकटा उभा. त्याचं बोलणं वाचून मी काही वेळ तिथेच थांबले. बेट गेलं म्हणून ब्लेनने आपली जिम सीफोम बेटांच्या गुहेत हलवली. आगीचा मास्तर समुद्रातल्या गुहेत! सर्फवाला असेल तर तो पाच मिनिटांत आटोपतो.

कँटोचे सात बॅज झाले की ब्लू व्हिरिडियनच्या जिममध्ये येतो. तो कोणत्याही एका प्रकाराला बांधलेला नाही आणि त्याचा पिजट लेव्हल ६० चा आहे. इथे पहिल्यांदा मला औषधं वापरावी लागली. सोळावा बॅज (आठ जोहतोचे, आठ कँटोचे) घेऊन पॅलेटला प्रोफेसर ओकना भेटायचं. ते रॉक क्लाइंब (कडे चढायची चाल) देतात आणि माउंट सिल्व्हरची परवानगीही.

आता लेव्हलच्या कड्याविषयी. ब्लूचा सर्वात वरचा गडी साठचा, आणि माउंट सिल्व्हरच्या माथ्यावर उभ्या असलेल्या रेडचा पिकाचू अठ्ठ्याऐंशीचा. मधे पायरीच नाही. हा रेड म्हणजे तीन वर्षांपूर्वी आपण स्वतः जो होतो तो. तो एक शब्दही बोलत नाही, नुसती टिंबं. वर गारा पडत असतात, बर्फाचे सोडून बाकी सगळ्यांचा दर फेरीला सोळावा हिस्सा जीव जातो, आणि गारांमध्ये ब्लिझर्ड ही हिमवादळाची चाल कधीच चुकत नाही. त्याच्या लाप्रस, स्नॉरलॅक्स आणि ब्लास्टॉइज या तिघांकडेही ब्लिझर्ड आहे.

मी हिशेब मांडला: पिलोस्वाइन बर्फाचा, म्हणजे गारांचा त्रास नाही, जमिनीचा, म्हणजे विजेचा त्रास नाही. पिकाचूसमोर याहून चांगलं कोण? पिकाचूने आयर्न टेल (पोलादी शेपटी) मारली. पोलादापुढे बर्फ टिकत नाही आणि पिलोस्वाइन एका फटक्यात गेला. गोलेमचंही तेच होईल, दगडाचं पोलादापुढे चालत नाही. उरलेल्या टीमने जेमतेम दोघांना पाडलं आणि मी पायथ्याच्या सेंटरमध्ये येऊन पडले.

उत्तर निघालं क्वॅगसायर. तो गोंडस, निर्बुद्ध दिसणारा, ज्याला कुणी टीममध्ये घेत नाही तो. जमिनीचा असल्याने वीज लागत नाही, पाण्याचा असल्याने आयर्न टेल अर्धीच लागते. माझा बासष्टचा होता. एक शेपटी खाल्ली, तोंड तसंच हसरं ठेवलं आणि अर्थक्वेकने पिकाचूला झोपवला. मी खोलीत एकटीच ओरडले. फक्त पुढे व्हीनसॉर आला की त्याला ताबडतोब मागे घ्या, पानांच्या चाली त्याला चौपट लागतात.

दुसरी युक्ती हवामानाची. विजेच्या ॲम्फरोसला रेन डान्स शिकवा. पाऊस आला की गारा थांबतात, ब्लिझर्ड पुन्हा चुकायला लागतं आणि आपली थंडर मात्र चुकत नाही. तोटा एवढाच की ब्लास्टॉइजच्या पाण्यालाही जोर चढतो, म्हणून तो मैदानात येईल तेव्हा त्याला पहिल्याच फेरीत गाठा. व्हीनसॉर झोप पाडतो, जाग आणणारी औषधं मोजून नव्हे, भरपूर न्या. वाटेत रॉक क्लाइंब लागतंच, सर्फ आणि वॉटरफॉलही असलेले बरे. या चाली लढणाऱ्यांनाच वाटून द्या, नाहीतर सहापैकी दोन जागा हमालांना जातात आणि तुम्ही चौघांनिशी रेडसमोर उभे राहता. माझ्या पहिल्या पराभवाचं निम्मं कारण तेच.

लेव्हल वाढवायला एलिट फोरचे फेरे मारणं हाच सरळ मार्ग आहे. गळ्यात अम्युलेट कॉइन असेल तर पैसेही दुप्पट. दुसरा मार्ग रसाळ पण किचकट: जिम लीडर्सना ठरलेल्या वेळी ठरलेल्या जागी गाठून त्यांचे फोन नंबर मिळवायचे, मग त्यांना सॅफ्रनच्या फायटिंग डोजोत लढायला बोलवायचं. नंबर गोळा करण्यातच माझी एक संध्याकाळ गेली. आणि हो, आईकडे पैसे ठेवत असाल तर जपून, ती त्यातून परस्पर खरेदी करते.

रेड हरल्यावर लगेच परत फिरू नका, त्यानंतर बरंच काही उघडतं. ओक तीनपैकी एक जुना स्टार्टर (सुरुवातीला निवडायचा पोकेमॉन) देतात: बल्बासॉर, चारमँडर किंवा स्क्वर्टल. सॅफ्रनच्या सिल्फ कंपनीत स्टीव्हन दगडाचा रंग विचारतो. तो प्रश्न म्हणजे होएन या दुसऱ्या एका प्रदेशाच्या तीन स्टार्टरपैकी कोण हवा, एवढंच. विचार करून सांगा. मिस्टर पोकेमॉनकडून निळा गोल घेऊन रूट ४७ च्या मनोऱ्यात गेलात की क्योग्र. सोलसिल्व्हरवाल्यांना तिथे ग्राउडन मिळतो, आणि दोन्ही एका हातात आले तर ओक रेक्वाझाचाही रस्ता दाखवतात. सरुलियनच्या गुहेत म्यूटू बसलाय, लेव्हल ७०.

बॅटल फ्रंटियर या खास लढतींच्या ठिकाणाबद्दल माझं मत फारसं उपयोगाचं नाही, कारण मी तिथे टिकले नाही. पाच इमारती आहेत. ज्यांना पोकेमॉन तयार करत बसायला वेळ नाही त्यांनी फॅक्टरीपासून सुरुवात करावी, तिथे उसने पोकेमॉन मिळतात. त्यापेक्षा सेलाडॉनच्या इमारतीत खेळाच्या निर्मात्यांच्या मजल्यावर जा. सगळे बॅज झाल्यावर तिथे जीबी साउंड्स मिळतं. ते चालू केलं की सगळं संगीत जुन्या गेमबॉयच्या चिरक्या आवाजात वाजतं. माउंट सिल्व्हरवरून उतरताना मी ते चालू केलं आणि अजून बंद केलेलं नाही.

सध्या मुक्काम व्हर्ल आयलंड्सच्या तळाशी, लुगियासमोर. तोही सत्तरचा. चाळीस डस्क बॉल घेऊन उतरले होते, सदतीस संपले. त्याच्या जिवाची रेघ लाल झालीय, तो झोपलाही आहे, आणि बॉल दोनदा हलून तिसऱ्यांदा फुटतो. तुम्ही आलात तर साठ घेऊन या.