घंटा जिथून आली ते शहर

नाशकात पूर आला की लोक आधी नदीपात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीकडे बघतात. पाणी गुडघ्याला लागलं, कमरेला लागलं, छातीपर्यंत आलं. त्याहून चढलं की नारोशंकराच्या घंटेचं नाव निघतं. रामकुंडाजवळ, गोदावरीकडे (आम्ही तिला गंगाच म्हणतो) तोंड करून देवळाच्या तटावर टांगलेली ती भलीमोठी घंटा. 1969 चा महापूर आला तेव्हा माझे वडील बारा वर्षांचे होते. आजोबांच्या खांद्यावर हात ठेवून त्यांनी लांबून पाणी पाहिलं होतं, ते अजून सांगतात.

घंटेवर 1721 साल आहे. देऊळ 1747 चं. मराठ्यांनी पोर्तुगीजांकडून वसई जिंकली त्या विजयाची ही खूण, एवढं नाशिकच्या पोरासोरांनाही माहीत असतं. पण वसईचा किल्ला बघून आलेलं आमच्या गल्लीत कुणी नाही. बाबाही गेले नव्हते. मागच्या दिवाळीत फराळ करता करता ते म्हणाले, "जिथून आणली ती जागा बघायची राहूनच गेली." त्यांचे गुडघे दरवर्षी थोडे थोडे कुरकुरायला लागलेत. मी त्याच आठवड्यात चौकशी सुरू केली.

वसईच्या किल्ल्याला तिकीट नाही, कुणीही जाऊ शकतं. तरी मार्गदर्शकाबरोबरच जायचं मी ठरवलं, आणि ते बरोबर ठरलं. हा डोंगरी किल्ला नाही. एक माची, एक बालेकिल्ला, दोन टाकी असा हिशेब इथे लागत नाही. सपाट जमिनीवर, सुमारे 110 एकरांत, तटाच्या आत एक अख्खं शहर होतं, आणि त्याचे अवशेष ताडामाडांत आणि झुडपांत पसरलेत. माहिती नसलेला माणूस एका पडक्या भिंतीसमोर फोटो काढतो आणि दुसऱ्या पडक्या भिंतीकडे जातो.

वारसा फेऱ्या काढणाऱ्या एका गटाकडे नोंदणी केली. माणशी आठशे रुपये, त्यात वसई स्टेशनपासून गाडी, मार्गदर्शन आणि एका स्थानिक घरी जेवण. फॉर्म भरला, आधारचा फोटो पाठवला. मग मी फोन करून तीन गोष्टी विचारल्या : चढ किती, मध्ये बसायला मिळेल का, आणि स्वच्छतागृह आहे का. "सगळं आहे, निर्धास्त या," असं उत्तर मिळालं. वयस्कर माणूस बरोबर असेल तर एवढ्या उत्तरावर थांबू नका. नेमकं कुठे आहे, चालू आहे का, तिथवर किती चालायचं, हे विचारून घ्या. आम्हाला सकाळी सातपासून दुपारी जेवणाच्या घरी पोचेपर्यंत काही सोय मिळाली नाही. बाबांनी त्या भीतीने पाणी पिणंच कमी केलं आणि अकराच्या सुमारास त्यांना गरगरलं. राग मला अजून आहे.

नाशिकहून एका दिवसात हे बसत नाही. आम्ही आदल्या रात्री डोंबिवलीला मावशीकडे मुक्काम केला आणि पहाटे कोपरच्या वरच्या फलाटावरून दिवा–वसई गाडी पकडली. दादरला जाऊन गाडी बदलण्यापेक्षा हे फार सुखाचं. मात्र गाड्या मोजक्या आहेत, एक चुकली की बराच वेळ जातो. भिवंडी, खारबाव, कामण, जुचंद्र करत उजाडता उजाडता वसई रोडला उतरलो. ठरलेली मिनीबस आलीच नाही. अर्धा तास वाट बघून सगळे रिक्षांनी निघालो, भाडं आपापलं. किल्ला स्टेशनपासून सहा-सात किलोमीटर आहे.

मार्गदर्शक वसईचेच होते, साठीच्या आसपासचे, डोक्याला टोपी आणि हातात वेताची काठी. त्यांनी पहिलं वाक्य असं उच्चारलं : "आज आपण किल्ला बघायचा नाही, गाव बघायचं." मग त्यांनी भुई दरवाजाशी उभं करून शांतपणे सांगितलं. 1534 साली गुजरातच्या बहादूरशहाने तहात वसई पोर्तुगीजांना दिली. पुढे दोनशे वर्षं हे त्यांच्या उत्तरेकडच्या मुलखाचं मुख्य ठाणं होतं. तटाच्या आत सरदारांचे वाडे, न्यायकचेरी, इस्पितळ, बाजार, आणि वेगवेगळ्या पंथांच्या पाद्र्यांची आपापली चर्चं आणि मठ. दरवाजाची वाट सरळ आत जात नाही, वळण घेते. धावत आलेल्या शत्रूचा जोर त्या वळणावर मोडावा म्हणून. बाबांनी भिंतीला हात लावून ते वळण दोनदा चालून पाहिलं.

आतल्या छोट्या कोटाच्या दारावर पोर्तुगालचं राजचिन्ह कोरलेलं दिसतं. हा कोट सगळ्यात जुना, 1536 चा, नुनो द कुन्हा गव्हर्नर असतानाचा. मोठा तट त्यानंतर उभा राहिला. जेझुइट पंथाच्या चर्चपाशी आमचे मार्गदर्शक सर बराच वेळ थांबले. गोन्सालो गार्सिया इथे शिकला. बाप पोर्तुगीज शिपाई, आई वसईची. पुढे तो मनिलाला फ्रान्सिस्कन पंथात गेला आणि 5 फेब्रुवारी 1597 रोजी जपानमध्ये नागासाकीला त्याला इतरांबरोबर क्रुसावर चढवलं गेलं. 1862 साली तो संत ठरला, भारतात जन्मलेला पहिला. शाळेत चार वर्षं इतिहास शिकवूनही हे मला ठाऊक नव्हतं. वसईचं नाव आलं की आम्ही थेट चिमाजी अप्पांवर येतो, त्याआधीची दोनशे वर्षं आमच्याकडे एका ओळीत आटपतात.

फ्रान्सिस्कनांच्या चर्चमध्ये जमिनीतच थडग्यांचे दगड आहेत. नावं, सालं, घराण्यांची चिन्हं. छत कधीच गेलंय, वरून ऊन पडतं, फटीत गवत उगवतं. आमच्यातला एक मुलगा चालता चालता एका दगडावर उभा राहिला तेव्हा सर त्याला हाताने बाजूला घेत म्हणाले, "बाळा, खाली माणूस आहे." त्यानंतर आम्ही सगळेच कडेकडेने चाललो. आणि तिथेच पलीकडच्या कमानीत लग्नाआधीचे फोटो काढून घेणारं एक जोडपं रंगीत धूर सोडत होतं. मला ते बघवलं नाही. भिंतींवर खिळ्याने कोरलेली नावं तर जागोजाग.

सान सेबास्तियन बुरुजाकडे जाताना बाबा गटाच्या पुढे झाले. हीच ती बाजू. 1739 च्या फेब्रुवारीत वेढा पडला, तो मे महिन्यापर्यंत चालला. तीन बाजूंनी पाणी आणि दलदल, म्हणून जमिनीकडून सुरुंग लावून तट फोडण्याशिवाय मार्ग नव्हता. खिंडार पडलं, आपले लोक आत घुसले, आणि उशिरा पेटलेल्या सुरुंगाखाली त्यातलेच कितीतरी गाडले गेले. लहानपणी गोष्ट ऐकताना हा भाग कधी आला नव्हता, थेट झेंडा यायचा. सरांनी तो आवाज न चढवता सांगितला. 16 मे रोजी पोर्तुगीजांनी शरणागती पत्करली. त्यांना शस्त्रांसह, वाजतगाजत निघून जाऊ देण्याची अट चिमाजी अप्पांनी मान्य केली आणि आठवड्याभरात ते गेले. दोन्हीकडची एवढी माणसं मेल्यावर तो शब्द पाळला गेला. बाबा म्हणाले, "हे शिकवत जा गं वर्गात." मी हो म्हटलं.

मग सेंट जोसेफ. वसईतलं एक मोठं चर्च. पायाभरणी सोळाव्या शतकातली आणि दारावरच्या शिलालेखात 1601 सालच्या पुनर्बांधणीची नोंद. मनोऱ्यात गोल गोल अरुंद दगडी जिना आहे, एका वेळी एकच माणूस जेमतेम मावतो. सर चौघाचौघांना वर सोडत होते. बाबांना गुडघ्यांमुळे जमणार नव्हतं. ते खाली एका पडलेल्या दगडावर बसले, मी गेले.

वर उजेडात आल्यावर आधी खाडी दिसली. भाईंदरकडून गाड्या वाहून नेणारी रो-रो बोट येत होती, किल्लाबंदरला होड्या लागलेल्या, वाळत घातलेल्या बोंबलांचा वास वाऱ्यावर. मग सगळा तट एका नजरेत आला, आणि पहिल्यांदाच मला ते शहर म्हणून दिसलं. रस्ता इथून असा गेला असेल, या घरातून त्या घराला हाक ऐकू जात असेल. आणि मनोऱ्यात, जिथे घंटा असायची, तिथे नुसती कमान. आरपार आकाश.

खालून बाबांनी विचारलं, "घंटेची जागा आहे का गं?"

"आहे," मी ओरडून सांगितलं. "मोकळी आहे."

त्यांनी मान हलवली आणि बराच वेळ वर बघत राहिले. आमची घंटा याच मनोऱ्यातली, असं मी म्हणत नाही. विजयानंतर इथल्या चर्चच्या घंटा उतरवून वेगवेगळ्या देवळांत गेल्या. भीमाशंकरला आहे, वाईजवळ मेणवलीला आहे, नसरापूरच्या बनेश्वराला आहे. बाबांनी यातल्या तीन पाहिल्यात, हात जोडून वाजवल्यात. त्या कुठल्या हाकेसाठी ओतल्या होत्या, ते त्या दगडावर बसून त्यांना कळलं असावं. ते काही बोलले नाहीत, मीही विचारलं नाही.

बंदर दरवाजा बघून जेवायला गेलो. घर वसईतल्या कुपारी या ख्रिस्ती समाजातल्या एका कुटुंबाचं होतं, मागे केळीची बाग. घरातली माणसं आपसात कादोडी, म्हणजे त्यांची बोली, बोलत होती. कान देऊन ऐकलं की मराठीच वाटायची आणि मध्येच हातातून निसटायची. तांदळाची भाकरी, मासळीचं कालवण, शाकाहारी लोकांना वालाची भाजी. बाबांचा चेहरा पाहून घरच्या ताईंनी आधी त्यांना लिंबू-मीठ घातलेलं पाणी दिलं आणि पंख्याखाली बसवलं.

नाशिकहून आलोय कळल्यावर त्या वाढता वाढता थांबल्या. "काका, आमच्या इथली एक घंटा तुमच्याकडे आहे ना?"

पंगतीत क्षणभर कुणी बोललं नाही. बाबांनी घास खाली ठेवला. "आहे, ताई. आमच्या घरापासून दहा मिनिटांवर. रोज दिसते." मग थोडं थांबून, "तुम्ही पाहिली नाहीत?"

"नाही हो. आजी सांगायची. कधी जमलं नाही."

"मग या. मी दाखवतो."

निघताना ताईंनी सुकेळीचा, म्हणजे वाळवलेल्या केळ्यांचा, पुडा हातात ठेवला आणि पैसे घेतले नाहीत. परतीच्या गाडीत बाबांनी तो मांडीवर धरला होता, डोंबिवलीत मावशीकडे एक तुकडा काढला, बाकी नाशिकसाठी राखला.

जायचं असेल तर नोव्हेंबर ते फेब्रुवारीत जा. पावसानंतर लगेच गेलात तर गवत कमरेएवढं असतं आणि त्यात सापही. बूट घाला, माणशी दोन लिटर पाणी न्या, टोपी न्या, आणि नऊच्या आत बुरुजाकडची बाजू उरका, तिथे सावली नाही. पूर्ण फेरीला आम्हाला साडेपाच तास लागले. ज्येष्ठ कुणी बरोबर असेल तर दोन भेटीत बघा, एकीत जमिनीकडची बाजू, दुसरीत चर्चं आणि बंदर.

परवा बाबांनी त्या ताईंना फोन लावला. मी शेजारी भाजी निवडत होते. तारीख अजून ठरत नव्हती, तिकडे मुलांच्या परीक्षा होत्या. "मे महिन्यात या," बाबा सांगत होते, "पण पावसाच्या आधी हं. एकदा गंगेला पाणी आलं की घंटेजवळ जाता येत नाही."