डान्स फिल्म, सहावा आठवडा: चेहरा फ्रेमबाहेर

भीती दाखवायला म्हणून पहिल्या फेरीत शूट केलेली दोन मिनिटं काल पुन्हा पाहिली आणि सरळ बाद केली. विस्फारलेले डोळे, थरथरते हात, मागे मागे सरकणं. नाट्यशास्त्रातले भयानक रसाचे अनुभाव, म्हणजे भाव बाहेर दाखवणाऱ्या अंगावरच्या खुणा, एकूण एक हजर, भीतीचा मात्र पत्ता नाही. ‘बघा, मी घाबरलोय’ असं सांगणारा एक माणूस तेवढा दिसतो.

गोम बहुधा इथे आहे. शास्त्रात भय हा स्थायीभाव, म्हणजे टिकून राहणारा, आणि चिंता व्यभिचारी, म्हणजे येऊन-जाऊन असणारी. माझ्या अंगात सगळं उलटं: चिंता कायमची मुक्कामाला, भीती अधूनमधून डोकावते. मग मागे सरकायचं तरी कशापासून? समोर कोणी नसतंच.

म्हणून चेहरा काढून टाकला. कॅमेरा स्थिर, फ्रेम गळ्यापासून बेंबीपर्यंत. हात उचलायचा म्हणून श्वास घ्यायचा आणि तिथेच थांबायचं, बस्स. अकरा टेक झाले. सातव्यात खांदे आपसूक कानांकडे चढले आणि गळ्याखालची खळगी आत ओढली गेली. हे काही मी बसवलं नव्हतं. तोच टेक ठेवलाय.

प्रायोगिक फिल्मकार माया डेरेननं १९४५ च्या छोट्याशा फिल्ममध्ये नर्तक टॅली बीटीची एकच झेप वेगवेगळे शॉट जोडून लांबवली होती; पाय जमिनीला टेकतच नाहीत असं वाटतं. मी झेपेच्या आधीचा क्षण लांबवतोय. श्वास, कट, पुन्हा तोच श्वास. हात उचलल्याचा शॉट एडिटमध्ये घेतलाच नाही.

शटरनं मात्र अर्धा दिवस खाल्ला. सेकंदाला २४ फ्रेम्स असल्या की शटर, म्हणजे प्रत्येक फ्रेमवर उजेड पडण्याचा वेळ, एरवी १/५० सेकंद ठेवतो. हालचाल तुटक दिसावी म्हणून १/२०० केलं, तर भिंतीवर काळे पट्टे सरकायला लागले. आधी कॅमेऱ्याला शिव्या घातल्या. दोष दिव्याचा होता: ५० हर्ट्झच्या विजेवर साधा एलईडी सेकंदाला १०० वेळा लुकलुकतो, आणि वेगवान शटर ते टिपतं. शेवटी दिवा बंद, खिडकीचा उजेड चालू. ढग आला की थांबायचं.

एका मित्राला कच्चा कट दाखवला. दीड मिनिटानं तो वैतागून म्हणाला, “अरे, हात कधी उचलणार?” मला हेच हवं होतं, पण तो स्वतःचा श्वास रोखून बसला होता की नुसता कंटाळला होता, ते कळलं नाही.

आवाजाचं घोडं अजून अडलंय. श्वासाचा खरा आवाज लावला की फिल्म दम्यावरची वाटते.