आमची वाटचाल : सातव्या अक्षरापाशी

मुलुंड पूर्वेला एका सोसायटीच्या तळमजल्यावर २०११ साली आम्ही दोघींनी दोन कॉम्प्युटरवर मेडिकल कोडिंग सुरू केलं. मी फिजिओथेरपिस्ट, भागीदार बीएचएमएस. अमेरिकेतल्या दवाखान्यांचे चार्ट वाचायचे, डॉक्टरांनी लिहिलेल्या निदानाला ठरलेला कोड द्यायचा. तो कोड पाहून तिथली विमा कंपनी बिल तपासते. शेजारच्यांना ही टायपिंगची नोकरी वाटायची. आईलाही.

पहिली चार वर्षं आयसीडी-९ वर, म्हणजे निदानांच्या कोडांच्या जुन्या यादीवर गेली. जुन्या दुखापतीमागे उरलेल्या त्रासासाठी त्यात मोजकेच कोड. हाताला-पायाला उघडी जखम झाली होती, कंडरेच्या इजेचा उल्लेख नाही आणि आता काहीतरी मागे राहिलंय, की ९०६.१. उजवा अंगठा असो की डावी पोटरी, कोड तोच. फिजिओथेरपिस्ट म्हणून मला ते खुपायचं. अंगठा वळत नसेल तर माणसाला कुलूप उघडता येत नाही, शर्टाचं बटण लावता येत नाही. कागदावर मात्र त्यातलं काहीच दिसत नसे.

१ ऑक्टोबर २०१५ पासून अमेरिकेत आयसीडी-१०-सीएम लागू झालं. सुमारे १४ हजार निदान-कोडांच्या जागी ६८ हजारांहून जास्त. दुखापतींच्या बहुतेक कोडांना सातवं अक्षर आलं: उपचार चालू असताना ए, जखम भरत असताना डी, आणि जखम बरी होऊनही काही मागे उरलं तर एस, म्हणजे सिक्वेला.

इथेच आम्ही आपटलो. दीड वर्षापूर्वी मुरगळलेला घोटा, आता चालताना दगा देतो. पेशंट पुन्हा आला म्हणून आम्ही डी लावला. जिथे एस बरोबर लावला तिथे क्रम चुकवला, दुखापत आधी आणि आजचा त्रास नंतर. बिलं गठ्ठ्याने परत आली आणि एक क्लायंट गेला. चूक पूर्णपणे आमची होती. पुढचे दोन रविवार आम्ही तो प्रत्येक चार्ट पुन्हा वाचून काढला. आज जे आहे ते आधी लिहायचं, ज्यामुळे झालं ती दुखापत एस लावून नंतर. मधे किती काळ गेला याला मर्यादा नाही. तेव्हापासून एस लागणारा चार्ट आमच्याकडे दोघांच्या नजरेखालून जातो, कितीही घाई असली तरी.

फ्रॅक्चरचं सगळं नीट नोंदलेलं असतं. अवघड जातात त्या किरकोळ जखमा. घरीच पट्टी बांधलेली, कुणी लिहून न ठेवलेली. डॉक्टर एका ओळीत ‘जुनी इजा’ लिहितात आणि पुढे ‘बोट आखडलं आहे’. दोन्हींचा संबंध कोडरने स्वतः जोडायचा नसतो, डॉक्टरांनाच विचारावं लागतं. आणि विचारतानाही उत्तर त्यांच्या तोंडात घालायचं नाही. ‘हे त्या जखमेमुळेच ना?’ असं नाही, तर ‘या आखडण्याचं कारण नोंदवू शकाल का?’ नव्या मुलांना कोडांपेक्षा हे वाक्य शिकवायला मला जास्त वेळ लागतो आणि तो मी देते.

आईचा उजवा अंगठा मी लहान असताना विळीवर कापला होता. हळद दाबली, जखम भरली, पण व्रण आखडला आणि अंगठा पुन्हा कधी पूर्ण सरळ झाला नाही. प्रत्येक नव्या बॅचला पहिला धडा तोच. फळ्यावर मी लिहिते: हाताच्या सांध्याचं आखडणं एम२४.५४१, व्रण एल९०.५, मग उजव्या अंगठ्याची जखम एस६१.०११एस. एका दसऱ्याला आई ऑफिसात पूजेला आली तेव्हा फळा पुसायचा राहिला होता. कशाचं आहे म्हणून तिने विचारलं, मी सांगितलं. ती बराच वेळ शेवटच्या ओळीकडे बघत उभी राहिली. मग म्हणाली, "म्हणजे विळीचंही लिहितात?" वस्तूने कापल्याचा कोड वेगळा असतो आणि त्यालाही एस लागतो, हे मी तिला तिथेच लिहून दाखवलं.

आज आम्ही अकरा जण आहोत, त्यातल्या चौघी फिजिओथेरपिस्ट. जागतिक आरोग्य संघटनेचं आयसीडी-११ १ जानेवारी २०२२ पासून लागू झालं आहे. आमचं रोजचं काम अजून १०-सीएमवरच चालतं, पण शनिवारी दुपारी दोन तास आम्ही नव्या पद्धतीतली दुखापतींची प्रकरणं एकत्र वाचतो.