अर्पानेट म्हणजे काटकसर हो, अणुबॉम्ब नाही

इंटरनेट अणुबॉम्ब पडला तरी चालू रहावं म्हणून बनवलं, असं परवा आमच्या सांगली मार्केट यार्डातल्या अडतीवरचा नवा पोरगा छातीठोक सांगत होता. आता डेटाचे तुकडे करून पाठवायची कल्पना आधी मांडणाऱ्या इंजिनियर पॉल बॅरनच्या डोक्यात अणुहल्ल्याचा विचार होता हे खरं, पण प्रत्यक्षात अर्पानेट, म्हणजे इंटरनेटचं पहिलं रूप, उभं राहिलं ते पैसे वाचवायला!

१९६६ ला बॉब टेलर पेंटागॉनमधे अर्पाच्या, म्हणजे अमेरिकेच्या संरक्षण खात्यातल्या संशोधन संस्थेच्या, कॉम्प्युटर विभागाचा साहेब होता. त्याच्याकडं तीन टर्मिनल, म्हणजे लांबच्या कॉम्प्युटरवर काम करायची यंत्रं, एक एमआयटीच्या मशीनचं, एक बर्कलीचं, एक सांता मोनिकाचं, आणि तिन्हींची लॉगिनची तऱ्हा वेगळी, म्हणजे एकाचं काम झालं की उठायचं नि दुसऱ्यासमोर जाऊन बसायचं. वर प्रत्येक युनिव्हर्सिटीचं टुमणं, आम्हालाही मोठा कॉम्प्युटर पाहिजे. किती जणांना देणार? मग आहेत ती मशीनंच जोडायची ठरली.

खरी मजा पुढंच आहे. ज्यांच्याकडं मशीन होतं ते लोक १९६७ च्या मीटिंगमधे नाकं मुरडायला लागले. सामाईक विहिरीवर भावकीत चालतं ना तसं, दुसऱ्याच्या पाळीतलं पाणी चालतंय पण आपल्या पाळीत कुणी मोटरीचं बटण दाबायचं नाही. त्यांचंही अगदीच चूक नव्हतं म्हणा, मशीनवर आधीच गर्दी, त्यात नेटवर्क सांभाळायचं लोढणं कोण गळ्यात घेणार? तोडगा काढला कॉम्प्युटर इंजिनियर वेस क्लार्कनं, की मोठ्या मशीनला हात लावायलाच नको, प्रत्येक ठिकाणी एक छोटा कॉम्प्युटर ठेवू, ने-आण तो बघेल. तोच आयएमपी, बीबीएन कंपनीनं हनीवेलच्या मशीनवर बनवलेला, चांगलं फ्रीजएवढं धूड, आत्ताच्या राउटरचं काम करणारं. आणि डेटाचे तुकडे करून पाठवायचे, म्हणजे एकट्यानं लाईन अडवायची नाही, चौघांचे तुकडे एकाच लाईनवरनं मागंपुढं जाणार. मशीनबरोबर लाईनही वाटून घेतली बघा!

२९ ऑक्टोबर १९६९ ला लॉस एंजेलिसच्या यूसीएलए युनिव्हर्सिटीतनं स्टॅनफर्ड रिसर्च इन्स्टिट्यूटला लॉगिन टाईप करायला घेतलं, दोन अक्षरं गेली नि पलीकडचं मशीनच बसलं. तासाभरानं जमलं, ते सोडा. वर्ष संपेपर्यंत सांता बार्बरा आणि युटा धरून चार ठिकाणं झाली.

आणि एवढं सगळं करून लोकांनी काय केलं? १९७१ ला बीबीएनमधल्या रे टॉमलिन्सननं एका मशीनवरनं दुसऱ्या मशीनवर मेल पाठवायची सोय केली, ते काम त्याला कुणी सांगितलंही नव्हतं, आणि दोनेक वर्षांत नेटवर्कवर बहुतेक गर्दी मेलचीच. मशीनं वाटून घ्यायला पैसे मोजले सरकारनं, पोरं बसली पत्रं पाठवत.