आमची वाटचाल : साडेसात मीटरचा हिशेब

सांगलीत वडिलांनी पडद्याच्या कापडाचं दुकान थाटलं, तेव्हा माल इचलकरंजीहून यायचा आणि गिऱ्हाईक बहुतेक घरीच शिवणारं. त्यामुळे आधी किती कापड लागेल याचा हिशेब मांडून द्यायचा आणि मग ताका उलगडायचा, ही आमची रीत. वडिलांचा लाकडी मीटर अजून काउंटरवर आहे. कडा गुळगुळीत झाल्यात, माप मात्र चोख. कापड सैल सोडून मोजायचं, ताणून मोजलेलं घरी गेल्यावर आखडतं.

2019 च्या महापुरात दुकानात पाणी शिरलं, ताके वाया गेले. त्यातून सावरलो. खरा घाव घातला तो समोर उघडलेल्या दुकानानं.

पाच फूट रुंद खिडकी धरा. रॉड दोन्ही बाजूंना सहा-सहा इंच पुढे, म्हणजे 72 इंच. चुण्या नीट पडायला दुप्पट, 144. पन्हा, म्हणजे कापडाची रुंदी, 48 चा, म्हणून तीन पॅनल, म्हणजे तीन उभे तुकडे. उंची रॉडपासून जमिनीपर्यंत 84, वरची-खालची दुमड 12. तीन गुणिले 96, म्हणजे 288 इंच. साडेसात मीटर घ्यायचं. समोरचा दुकानदार दोनच पॅनल धरून पाच मीटर सांगायचा! पडदा ओढला की चादर वाळत घातल्यासारखा सपाट. पण बिल कमी दिसायचं, आणि आम्ही "जास्त कापड गळ्यात मारतो" असं गावभर झालं. दिवाळीच्या ऐन हंगामात दुकान ओस पडलं. कारागिरांचे पगार द्यायला घरातलं सोनं गहाण ठेवलं. ते बोलणं मी आजही विसरलेलो नाही.

त्या काळात आमच्या बाजूनं उभ्या राहिल्या त्या शाळेतल्या एक निवृत्त बाई. घरच्या शिलाई मशीनवर स्वतः शिवायच्या. त्यांनी आमचा आणि समोरचा पडदा शेजारी-शेजारी टांगून सोसायटीतल्या सगळ्या बायकांना बोलावून दाखवला. महिन्याभरात त्याच बायका माप घेऊन आमच्याकडे आल्या. बाईंकडून आजही आम्ही हिशेबाचे पैसे घेत नाही. तसे कोणाकडूनच घेत नाही म्हणा.

घरी शिवणार असाल तर माप खिडकीचं घेऊ नका, रॉडचं घ्या. मोठी नक्षी असेल तर प्रत्येक पॅनलची लांबी नक्षीच्या पटीत वाढवा. 25 इंचांवर पुन्हा येणारी नक्षी असली तर 96 चे 100 होतात, एकूण पावणेआठ मीटर. सुती कापड आधी भिजवून वाळवा. तीन पॅनलमधला एक उभा चिरून अर्धा-अर्धा दोन्हीकडे जोडा, जोड भिंतीकडे ठेवा. आयलेट, म्हणजे रॉड ओवायची गोल कडी, सम संख्येतच लावा, म्हणजे दोन्ही कडा भिंतीकडे वळतात. आणि सगळं कापड एकाच ताक्यातलं, एकाच वेळी घ्या. नंतर मीटरभर कमी पडलं तर दुसऱ्या ताक्याचा रंग तंतोतंत जुळेलच, याची हमी आम्हीही देत नाही.