खालची ओळ

मंगळवार, रात्री साडेअकरा

स्मरणिकेचे गठ्ठे दुपारी आले. सुतळी कापली, वरची प्रत उचलली आणि आधी शेवटचं पान उलटलं. अण्णांची सवय. खालची ओळ वाचल्याशिवाय त्यांनी कधी मुखपृष्ठाकडे पाहिलं नाही. 'मुद्रक व प्रकाशक' आणि पुढे दादाचं नाव. बाकी सगळं जागच्या जागी. एक काना इकडचा तिकडे नाही. नसणारच, प्रूफं मी तीनदा वाचली आहेत.

आणि ती ओळसुद्धा मीच टाइप केली होती. दादाने फोनवर सांगितली, मी टाइप केली, "झालं" म्हणाले. तेव्हा काहीच वाटलं नव्हतं. मग आज कागदावर बघून घशाशी का आलं? वहिनीने चहाला हाक मारली तर डोकं दुखतंय म्हणून सांगितलं. तिला कळलं असावं. जाऊ दे.

जेवण झाल्यावर पुन्हा मेरी कॅथरिन गॉडर्ड काढून बसले, अठराव्या शतकातली अमेरिकेतली मुद्रक. असं काही झालं की मी तिच्याकडेच जाते. बाल्टिमोरला वृत्तपत्र सुरू केलं भावाने, विल्यमने, 1773 मध्ये. 'मेरीलँड जर्नल'. त्याआधी प्रॉव्हिडन्सचा छापखाना काढला त्यानेच, आईच्या पैशांवर, आणि तो पुढे निघून गेल्यावर चालवला आईने आणि हिने. मग फिलाडेल्फिया. तिथेही तेच. तो नवीन काहीतरी उभं करायला निघायचा आणि मागे राहिलेला छापखाना ही सांभाळायची. बाल्टिमोरला तो टपालव्यवस्थेच्या मागे लागला, आणि 10 मे 1775 च्या अंकावर पहिल्यांदा ओळ आली : प्रकाशक एम. के. गॉडर्ड.

एम. के. म्हणजे बाई की बुवा, वाचणाऱ्याला कळायला मार्ग नाही. ती स्वतः उत्तम कंपोझिटर, म्हणजे खिळे जुळवणारी, होती, त्या काळातल्या नावाजलेल्या मुद्रकाने, आयझाया थॉमसने, तिच्या बिनचूक जुळणीचं कौतुक करून ठेवलं आहे. म्हणजे ती दोन अक्षरं बहुधा तिनेच केसमधून उचलली असतील आणि ओळीत बसवली असतील. तिलाही तेव्हा काही वाटलं नसेल का? मी आज याच प्रश्नापाशी अडकले आहे. दादाने माझं नाव काढलं नाही. मी घातलंच नाही. त्याने विचारलं नाही हे खरं, पण मीही तोंड उघडलं नाही, आणि त्या 'झालं'मध्ये मी काय काय गिळलं ते मलाच आज दिसतंय.

तिने मात्र एकदा पूर्ण नाव घातलं. 1776 च्या डिसेंबरात काँग्रेस, म्हणजे अमेरिकी राज्यांच्या प्रतिनिधींची सभा, फिलाडेल्फिया सोडून बाल्टिमोरला आली. 18 जानेवारी 1777 ला ठरलं की स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्याच्या प्रती, सह्या करणाऱ्यांच्या नावांसकट, छापून सगळ्या राज्यांना पाठवायच्या. जुलैतल्या पहिल्या छाप्यावर ती सगळी नावं नव्हती. युद्ध चालू, इंग्रजांच्या लेखी हा राजद्रोह. काम तिच्याकडे आलं. आणि त्या कागदाच्या तळाशी, जिथे आद्याक्षरांवर भागलं असतं, तिथे तिने अख्खं नाव जुळवलं, मेरी कॅथरिन गॉडर्ड. धोका होता तेव्हा पूर्ण नाव! मी किती वेळा वाचलं असेल हे, दर वेळी अंगावर काटा येतो. त्याच छाप्यात थॉमस मॅकीनचं नाव नाही, छपन्नातली पंचावन्नच आहेत. सगळ्यांची नावं देणाऱ्या कागदावरही एकाचं राहिलंच.

पुढचं वाचायला जड जातं. 1784 मध्ये भावाशी बिनसलं, वृत्तपत्रावरून तिचं नाव गेलं, प्रकरण कोर्टात गेलं. बाल्टिमोरची पोस्टमास्तरकी तिच्याकडे होती, 1775 पासूनची. टपाल नेणाऱ्या स्वारांचे पैसे प्रसंगी तिने स्वतःच्या गाठीचे दिले होते. 1789 मध्ये तीही काढून घेतली, कारण काय तर या कामात आता प्रवास फार, बाईला झेपायचा नाही. गावातल्या दोनशेहून जास्त लोकांनी सह्या करून अर्ज दिला. तिने थेट राष्ट्राध्यक्ष वॉशिंग्टनला लिहिलं. त्याने यात पडायचं नाकारलं. मग ती पुढची वीसेक वर्षं पुस्तकांचं दुकान चालवत राहिली.

इथवर माझे डोळे भरून आले होते, आणि खरं सांगायचं तर ते तिच्यासाठी कमी आणि माझ्यासाठी जास्त.

मग मृत्युपत्राशी आले. 1816 मध्ये ती गेली. लग्न केलेलं नव्हतं. घरात बेलिंडा स्टार्लिंग होती, गुलाम. मृत्युपत्रात तिला मुक्त केलं आणि जे काही होतं ते सगळं तिच्या नावे केलं. पूर्वी हे वाचून मला बरं वाटायचं. आज वाटलं, जिवंतपणी का नाही? समानतेचा तो जाहीरनामा हातांनी छापला, आणि बेलिंडाला मालकिणीच्या मरणाची वाट बघावी लागली.

स्मरणिका पुन्हा हातात घेतली. आठ फर्मे, चारशे प्रती. एकही घडी तिरकी नाही, पिन सगळ्या कण्यावर सरळ रेषेत. हे बाइंडिंगवाल्या मावशींचं काम. त्यांच्या उजव्या अंगठ्याला घडी दाबून दाबून घट्टा पडलाय, नखाच्या कडेला कायम शाईची रेघ असते. माझ्या नावासाठी मी दुपारपासून तळमळतेय आणि मावशींचं नाव कुठे असावं हे अकरा वर्षांत माझ्या मनातही आलं नाही. दादाने माझ्या बाबतीत जे केलं ते यापेक्षा फार वेगळं नसणार. त्याचा राग आता तितका राहिलेला नाही. थोडा आहे. अण्णा असते तर... नको.

गुरुवारी गुरुजींच्या कवितांचं पुस्तक लावायचं आहे. फाइल आत्ताच उघडली आणि आधी शेवटच्या पानावर गेले. मुद्रक : दादा. अक्षरजुळणी व मुद्रितशोधन : इथे माझं नाव, पूर्ण. दादाला उद्या दाखवीन. त्याखाली लिहिलं, बांधणी, आणि थांबले. मावशींचं आडनाव मला माहीतच नाही. तेवढी जागा मोकळी सोडली आहे. सकाळी त्या आल्या की आधी विचारायचं.