दोन शब्द बोलला असता तर?

तुम्ही विचारलंत म्हणून लिहितोय. २३ फेब्रुवारीला संत पॉलिकार्पचा, म्हणजे श्रद्धा सोडायला नकार दिला म्हणून जाळलेल्या स्मुर्णाच्या बिशपचा, सण आला की कुणीतरी म्हणतंच, ‘कैसर (रोमी सम्राट) प्रभू आहे’ एवढं तोंडदेखलं बोलला असता तर म्हाताऱ्याचं काय बिघडलं असतं?

इ.स. १५५च्या सुमारास स्मुर्णात, म्हणजे आजच्या तुर्कस्तानातल्या इझमीरमध्ये, त्याला पकडणाऱ्या हेरोद नावाच्या अधिकाऱ्याने गाडीत शेजारी बसवून हेच विचारलं होतं. म्हातारा ऐकेना, तेव्हा घाईघाईत असं खाली उतरवलं की नडगी सोलवटली. पुढे रोमी सुभेदाराला त्याने सांगितलं: ८६ वर्षं मी त्याची, ख्रिस्ताची, सेवा केली, त्याने माझं कधी वाईट केलं नाही, मग मला तारणाऱ्या माझ्या राजाची निंदा कशी करू? याहून चांगलं उत्तर माझ्याकडे नाही.

तुम्हा ख्रिस्ती लोकांना मरणाची हौस, असंही ऐकवतात. ते लागतं. स्मुर्णाच्या ख्रिस्ती मंडळीने या सगळ्याबद्दल लिहिलेलं पत्र वाचा. क्विंटस नावाचा एक ख्रिस्ती आपणहून मरायला पुढे झाला आणि श्वापदं बघून कच खाल्ली. असं पुढे होणं आम्हाला मान्य नाही, असं पत्रच म्हणतं. पॉलिकार्प तर लपत होता, एका मळ्यातून दुसऱ्या मळ्यात.

माझं घोडं अडतं ते त्या पहिल्या मळ्यावर. शिपायांना तिथे बिशप सापडला नाही, दोन गुलाम पोरं सापडली. त्यातल्या एकाने छळ झाल्यावर ठिकाण सांगितलं, आणि शुक्रवारी जेवणवेळेला त्यालाच वाट दाखवायला बरोबर घेऊन घोडेस्वार निघाले. माडीवरचा म्हातारा पळू शकला असता, पण खाली आला, शिपायांना जेवू घातलं, प्रार्थनेला तासभर मागितला आणि दोन तास उभा राहिला. आयुष्यात भेटलेल्या लहानथोर सगळ्यांची आठवण त्याने केली. त्यात तो पोरगाही असेल, असं मी धरून चालतो. पत्रात तसं लिहिलेलं नाही. लिहिलंय ते हे, की धरून देणाऱ्यांना येशूला पकडून देणाऱ्या यहूदाची शिक्षा मिळो.

तरुणपणी मला हे वाक्य रास्त वाटायचं. घरभेदी तो घरभेदीच. आता त्या तरुणाला विचारावंसं वाटतं, यहूदाने पैसे घेतले होते, या पोराने काय घेतलं? तोही निरुत्तर होत नाही: छळ तर इतरांनीही सोसला, म्हणतो. खरंच सोसला.

त्याला जाळताना शिडासारखी फुगलेली ज्वाला, धूपाचा सुवास, मग खंजीर खुपसल्यावर जखमेतून उडालेलं कबुतर, या पत्रातल्या चमत्कारांबद्दल खुशाल वाद घाला. चर्चचा जुना इतिहासकार युसेबियस याने दिलेल्या प्रतीत तर कबुतर नाहीच. पॉलिकार्पला मी संत मानतो, त्याच्या सणाला मिस्साला जातो. त्या पोरावरच्या शापाला मात्र आमेन म्हणत नाही.